अनेक चेहऱ्यांचा धनी : दिलीप प्रभावळकर

नृसिंहवाडीस सायंकाळची आरती आटोपून, कृष्णेच्या घाटावरून ओल्या पावलांनी बिऱ्हाडी परतलो, तेव्हा यजमानांचे वयोवृद्ध वडील दूरचित्रवाणीवर ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ पाहत बसले होते, रोजनिशी उघडणाऱ्या टिपऱ्यांकडे बोट दाखवून ते म्हणाले, “हे आमच्यातलेच!” चरित्र-अभिनेत्यास याहून मोठी सनद कोणत्या दरबारातून मिळावयाची?

टिपरे आबा साकारणारे दिलीप प्रभावळकर यांचा जन्म ४ ऑगस्ट १९४४ चा. ज्या ‘अनुदिनी’ सदरावरून ही मालिका घडली, तेही त्यांच्याच लेखणीचे. तत्पूर्वी, सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात, मुंबई दूरदर्शनवर चिं. वि. जोशींचा भिडस्त चिमणराव त्यांनी उभा केला आणि बाळ कर्व्यांच्या धिप्पाड गुंड्याभाऊच्या शेजारी तो असा काही शोभला की, पुस्तकातील चिमणराव वाचतानाही पुष्कळांना त्यांचाच चेहरा दिसू लागला.

‘हसवाफसवी’ या स्वलिखित नाटकात त्यांनी एकट्याने सहा भूमिका केल्या. ‘चौकट राजा’तील (१९९१) नंदू मात्र मला सर्वांत थोर वाटतो, मतिमंदत्वाचे दर्शन घडविताना दयेची याचना न करणारा असा अभिनय विरळा. पुढे ‘लगे रहो मुन्नाभाई’मध्ये ते महात्मा गांधी झाले आणि त्या भूमिकेसाठी व ‘शेवरी’ या मराठी चित्रपटासाठी त्यांना २००६ या वर्षाचा सर्वोत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.