संस्थेने घरी बसवले, तर दाद कुठे?

शनिशिंगणापूरच्या घरांना परंपरेने दारे नसतात. त्याच नेवासे तालुक्यातल्या खासगी महाविद्यालयाचे दार मात्र शिक्षकासाठी एका पत्राने बंद होऊ शकते.

इथली बहुतेक वरिष्ठ महाविद्यालये सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठाशी संलग्न. त्यामुळे बडतर्फी, सेवासमाप्ती किंवा पदावनतीविरुद्ध महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, 2016 च्या कलम 81 नुसार विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरणाकडे अपील करता येते. मुदत आदेश हाती पडल्यापासून अवघी 30 दिवसांची. संस्थाचालकांच्या विनवण्या करण्यात ती सहज निघून जाते. इतर तक्रारींसाठी कलम 79 खालील तक्रार निवारण समिती आहे.

कनिष्ठ महाविद्यालयाला 1977 चा खासगी शाळा कर्मचारी कायदा लागू होतो. त्यात कलम 9 खाली शाळा न्यायाधिकरणाकडे अपील, मुदत तीच.

आणि कामगार न्यायालय? गोव्यातील एका शिक्षिकेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 1988 मध्ये शिक्षक औद्योगिक विवाद कायद्याखाली ‘कामगार’ ठरत नाही, असा निकाल दिला. ग्रॅच्युइटीचा हक्क मात्र शाबूत: 2009 च्या दुरुस्तीने तो 3 एप्रिल 1997 पासून लागू झाला, 2022 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती वैध ठरवली.

न्यायाधिकरणाच्या निकालाला आव्हान उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर खंडपीठात, रिट याचिकेद्वारे.