विषप्रयोगाचे खटले व शेतकऱ्याने घ्यावयाची सावधगिरी

महसूल खात्यात कारकुनी करीत असता सातारा व सांगली या दोन्ही जिल्ह्यांतील वारसाच्या शेकडो नोंदी आमच्या हाताखालून गेल्या. मयत खातेदाराचे नाव, मृत्यूची तारीख, वारसांची नावे, वये व मयताशी नाते एवढी माहिती गाव नमुना ६-क मध्ये भरली व पुढे फेरफार मंजूर झाला म्हणजे दप्तरापुरते काम संपते. माणूस कशाने मेला, हे लिहिण्यास त्या नमुन्यात रकाना नाही, व तो नसावा हेही योग्यच आहे. परंतु अनुत्तरित राहिलेला हाच प्रश्न पुढे दोन-दोन पिढ्या एखाद्या घरास कसा जाळतो, हे आम्ही पाहिले आहे.

कृष्णाकाठच्या एका गावातील गोष्ट सांगतो. गावाचे व माणसांचे नाव घेण्याचे प्रयोजन नाही. एक सुखवस्तू वृद्ध खातेदार रात्री जेवून निजला. मध्यरात्री त्यास वांत्या व जुलाब सुरू झाले, हातापायांस गोळे आले, आणि उजाडण्यापूर्वी त्याने प्राण सोडला. दिवस कासराभर वर येण्याच्या आत दहन उरकले. तीन कोसांवर दिलेली लेकही पोहोचू शकली नाही. डॉक्टर आला नाही, पोलीसपाटलास वर्दी गेली नाही, रात्रीची भांडी घासून पालथी घातली गेली. चौदाव्या दिवशी थोरला मुलगा वारसाच्या नोंदीसाठी कचेरीत येऊन उभा राहिला. लेकीने तोंडी हरकत घेतली. पण तिच्याजवळ पुरावा म्हणून काडीही नव्हती. नोंद रीतसर झाली. त्या रात्रीचा स्वयंपाक धाकट्या सुनेने केला होता, एवढ्यावरून गावाने मात्र आपला निवाडा करून टाकला. ती बाई पुढे बावीस वर्षे त्या गावात नांदली; परंतु लग्नकार्यात तिच्या हातचे पाणी कोणी घेत नसे. ती अपराधी असेल तर बिनशिक्षेची सुटली, आणि निरपराध असेल तर जन्मठेप भोगून गेली. दोहोंपैकी खरे काय, हे आता कोणासही सांगता येणार नाही. कारण जे सांगू शकले असते, ते पहिल्या बारा तासांतच जळून व धुऊन गेले.

कुऱ्हाड घेऊन येणारा वैरी बांधावरून येतो व त्यास पाहिलेला कोणी तरी भेटतो. विष मात्र जेवण वाढणाऱ्या, औषध देणाऱ्या वा चहा पुढे करणाऱ्या हातानेच येते. कुंपणच शेत खाते, ही म्हण या गुन्ह्यास जितकी लागू पडते तितकी दुसऱ्या कोणत्याही गुन्ह्यास पडत नसेल. त्यामुळे अशा प्रकरणी न्याय होणे न होणे हे पुष्कळ अंशी त्या घरातील माणसे पहिल्या दिवशी कशी वागतात, यावर अवलंबून असते. हे वाचकांच्या मनावर ठसावे म्हणून काही प्रसिद्ध खटल्यांची हकीकत येथे देत आहोत.

आरंभ इंग्लंडातील खेड्यांपासून करू. कारण या संकटाशी त्या देशातील शेतकऱ्यांचा सामना बराच आधी झाला. तेथे सोमल हा शेतकऱ्याच्या घरातील नित्याचा जिन्नस होता. उंदीर मारण्यास, गव्हाच्या बियाण्यास काजळी लागू नये म्हणून व पुढे मेंढ्यांस कीडनाशक स्नान घालण्यास तो वापरीत. पांढरा, जवळजवळ बेचव व अत्यंत स्वस्त. केंट परगण्यातील प्लमस्टेड या गावी जॉर्ज बोडल नावाचा वृद्ध व सधन शेतकरी सकाळची कॉफी पिऊन आजारी पडला व मरण पावला. संशय नातवावर आला. जेम्स मार्श या रसायनशास्त्रज्ञाने कॉफीत सोमल असल्याचे ओळखले. परंतु परीक्षेत निघालेला साका पंचांपुढे दाखविण्याच्या वेळेपर्यंत बिघडून गेला आणि नातू निर्दोष सुटला. पुढे दुसऱ्या गुन्ह्यात शिक्षा झाल्यावर त्याने या कृत्याची कबुली दिली, असे सांगतात. मार्शच्या मनास ही गोष्ट लागली. त्याने खटपट करून सोमलाचा अल्पांशही काचेवर काळ्या चकचकीत डागाच्या रूपाने टिकून राहील अशी परीक्षा शोधून काढली व १८३६ मध्ये ती प्रसिद्ध केली. एका शेतकऱ्याच्या न्याहारीवरून निघालेली ही विद्या पुढे जगभरच्या न्यायालयांत मान्य झाली.

१८५१ साली इंग्लंडात सोमलाचा कायदा झाला. विकणाऱ्याने घेणाऱ्याचे नाव, ठिकाण व कारण वहीत लिहावे आणि किरकोळ विक्रीच्या सोमलात काजळ अथवा नीळ मिसळून त्यास रंग द्यावा, असे ठरले. वेल्सच्या सीमेवरील हे या लहानशा बाजारगावातील वकील आर्मस्ट्राँग याने बागेतील तण मारण्याच्या मिषाने सोमल घेतला होता. त्याची पत्नी १९२१ च्या फेब्रुवारीत वारली, तेव्हा तो मृत्यू दुखण्याचा समजून दफन झाले. त्याच वर्षी चहास बोलावलेला दुसरा एक वकील आजारी पडला. या वकिलाचे सासरे गावातील औषधविक्रेते होते, आणि सोमल कोणी नेला हे त्यांस ठाऊक होते. पत्नीचे प्रेत उकरून तपासले असता त्यात सोमल सापडला, व १९२२ च्या मे महिन्यात आर्मस्ट्राँग फाशी गेला. दफनाची चाल असल्यामुळे दहा-अकरा महिन्यांनीही पुरावा हाती लागला. आपल्याकडे बहुधा दहन असते. तेव्हा आपणांस ही दुसरी संधी नाही, हे लक्षात ठेवावे.

आपल्या देशातही सोमल, धोत्रा व कण्हेर यांची प्रकरणे जुनीच आहेत. गेल्या शतकाच्या आधीपासून मुंबई सरकारच्या रासायनिक परीक्षकाकडे विषाच्या तपासणीसाठी जिल्ह्याजिल्ह्यांतून पदार्थ जात असत, व त्यांत माणसांच्या प्रकरणांबरोबर जनावरांचीही असत. कातड्याच्या लोभाने अथवा भाऊबंदकीच्या वैराने बैलास चाऱ्यातून सोमल घालणे किंवा गुंजेच्या विषाची सुई टोचणे, हे प्रकार त्या काळच्या वैद्यकीय न्यायशास्त्राच्या ग्रंथांत नमूद आहेत. पांढऱ्या सोमलाच्या विक्रीस आळा घालण्यासाठी हिंदुस्थानात १९०४ चा व त्याच्या जागी १९१९ चा विषांचा कायदा झाला.

आता आपल्या शेजारच्या पुणे शहरातील खटला पाहू. तो शेतकरी कुटुंबातील नव्हे. पण त्यातील बोध प्रत्येक खातेदाराने घ्यावा असा आहे. शुक्रवार पेठेत लक्ष्मीबाई कर्वे नावाच्या एक सधन विधवा राहत. त्यांस मधुमेह होता. त्याच वाड्यात राहणारे डॉ. अनंत चिंतामण लागू हे त्यांस औषधपाणी देत, व बाईंचा त्यांजवर पूर्ण विश्वास होता. १२ नोव्हेंबर १९५६ च्या रात्री मुंबईच्या मोठ्या डॉक्टरांस प्रकृती दाखविण्याच्या हेतूने बाई लागूंबरोबर आगगाडीत बसल्या. पहाटे गाडी मुंबईस पोहोचली तेव्हा त्या बेशुद्ध होत्या. लागूंनी त्यांस गोकुळदास तेजपाल रुग्णालयात नेले. परंतु तेथे बाईंचे नाव भलतेच सांगितले. त्याच दिवशी दुपारच्या आत बाई वारल्या. आप्तांस वर्दी नाही, खरे नाव नाही. प्रेत बेवारस म्हणून पडून राहिले व शवविच्छेदन २३ नोव्हेंबरला, म्हणजे दहा दिवसांनी झाले. तपासात कोणतेही विष सापडले नाही.

इकडे पुण्यात बाईंच्या नावाची पत्रे येऊ लागली. आपण पुनर्विवाह केला असून जयपूरकडे राहतो, आमचा शोध करू नये, असा त्यांतील मजकूर होता. दरम्यान बाईंच्या ठेवी व चीजवस्तू बनावट सह्यांच्या कागदांनी हळूहळू लागूंच्या हाती गेल्या. अखेर आप्तांस संशय येऊन १९५८ मध्ये तपास सुरू झाला. पुण्याच्या सत्र न्यायालयाने लागूंस दोषी ठरविले, उच्च न्यायालयाने तो निर्णय कायम केला, आणि १४ डिसेंबर १९५९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने अपील फेटाळले. विष सापडले नाही एवढ्याने विषप्रयोग झालाच नाही असे होत नाही. मृत्यूपूर्वीची व नंतरची वर्तणूक एकत्र पाहून दुसरा कोणताही तर्क उरत नसेल तर गुन्हा शाबीत होतो, असे बहुमताने ठरले. तीन न्यायमूर्तींपैकी एकाने मात्र पुरावा अपुरा असल्याचे भिन्न मत लिहून ठेवले. जेथे विद्वान न्यायमूर्तींसही एवढा विचार पडला, तेथे पारावर बसून एका घटकेत सुनेस दोषी ठरविणाऱ्यांनी आपल्या जिभेस काय उत्तर द्यावे?

आमच्या दोन जिल्ह्यांतही अलीकडे अशी प्रकरणे उद्भवली आहेत. वाई तालुक्यातील धोम येथे २०१६ मध्ये, डॉक्टर म्हणून वावरणाऱ्या एका इसमावर तेरा वर्षांत सहा जणांचा घात केल्याचा आरोप पोलिसांनी ठेवला. मिरज तालुक्यातील म्हैसाळ येथे २० जून २०२२ रोजी दोन भावांच्या कुटुंबांतील नऊ माणसे मृत आढळली. आरंभी कर्जापायी सामुदायिक आत्महत्या झाली असे सर्वांस वाटले. परंतु आठवडाभरातच, गुप्तधनाच्या नादी लावून त्यांस विष दिल्याचा आरोप ठेवून पोलिसांनी मांत्रिकास अटक केली. आरोप म्हणजे निकाल नव्हे. म्हणून त्यांच्या खरेखोटेपणाविषयी आम्ही लिहीत नाही. पण दिसते तेच खरे मानून चौकशी थांबविली असती तर दुसरी बाजू पुढे आलीच नसती, एवढे म्हैसाळच्या हकीकतीवरून उघड आहे. गुप्तधन व करणी यांच्या नादाविरुद्ध महाराष्ट्रात २०१३ चा कायदा आहे, आणि ज्यांच्या चळवळीमुळे तो झाला ते डॉ. नरेंद्र दाभोलकर साताऱ्याचेच होते, याचे स्मरण असावे.

जमिनीच्या लोभाने असे कृत्य करू पाहणाऱ्यास आणखी एक गोष्ट कळली पाहिजे. मारेकऱ्यास मयताचा वारसा मिळत नाही. मुंबई इलाख्यातील एका खटल्यात प्रिव्ही कौन्सिलने १९२४ मध्येच हे तत्त्व सांगितले, आणि १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार कायद्याच्या २५ व्या कलमाने ते पक्के झाले. अशा वारसास तो मयताच्या आधीच वारला असे समजून वगळतात. सबब वारसाच्या नोंदीची नोटीस निघते तेव्हा, ज्यास खरी शंका असेल त्याने तोंडी कुजबूज न करता मुदतीत लेखी हरकत द्यावी व पोलिसांकडे फिर्याद नोंदवावी.

आता घरात पाळावयाच्या गोष्टी सांगतो. सोमल गेला, पण त्याच्या जागी पिकावरील औषधे आली. १९५८ मध्ये केरळात पिठास कीटकनाशक लागून शंभराहून अधिक माणसे दगावली, व त्यानंतर दहा वर्षांनी, १९६८ साली, कीटकनाशकांचा कायदा झाला. उसास घालण्यात येणारे फोरेट, ज्यास आपण थिमेट म्हणतो, त्यावर २०२० च्या अखेरीपासून बंदी आहे. तथापि कोठारात जुना डबा अद्याप राहिला असेल तर तो धान्याशेजारी ठेवू नये, कृषी खात्याच्या सल्ल्याने त्याची वाट लावावी. डब्यावरील त्रिकोण लाल असेल तर ते सर्वांत जहाल विष समजावे. औषध मूळ डब्यातच, कुलपात, एका जबाबदार माणसाच्या किल्लीखाली असावे. सरबताच्या वा पाण्याच्या बाटलीत कदापि ओतू नये. खरेदीच्या पावत्या जपून ठेवाव्या व किती वापरले याची टिपणवही असावी.

कोणास एकाएकी वांत्या, घाम, लाळ, ग्लानी अशी लक्षणे झाली तर घरगुती उपायांत वेळ न घालविता रुग्णालय गाठावे व संशयित डबा बरोबर न्यावा. उरलेले अन्न, वांतीचा अंश व भांडी न धुता झाकून ठेवावी. माणूस दगावला व कारण स्पष्ट नसेल तर दहनापूर्वी पोलीसपाटलास वर्दी द्यावी आणि पंचनामा व शवविच्छेदन होऊ द्यावे. त्यात घराची बेअब्रू नाही. उलट निरपराध्याचे ते एकमेव कवच आहे. जनावर संशयास्पद रीतीने मेले तरी पशुवैद्यास दाखविल्यावाचून ते पुरू नये.

वृद्ध आईबापांनी आपली कागदपत्रे व ठेवी यांची माहिती एकाच माणसाच्या हाती ठेवू नये. लेकीसही ती असावी. आणि ज्या घरात असा मृत्यू घडला असेल तेथील सून, भावजय वा सावत्र आई यांजकडे बोट दाखविण्यापूर्वी परीक्षकाचा अहवाल येईपर्यंत तरी गावाने धीर धरावा, अशी आमची वाचकांस विनंती आहे.