वळणरस्त्याची गोष्ट

आमच्या लहानपणी माणसे 'हार्टफेल'ने जात. वाड्यातला एखादा पन्नाशीचा गृहस्थ रात्री जेवून झोपला आणि सकाळी उठला नाही, की 'हार्टफेल झालं' एवढेच सांगितले जाई. त्यात कारणमीमांसा नसे, उपाय तर नसेच. आता त्याच वयाचा शेजारी आठ दिवस दिसला नाही आणि मग जिन्यात भेटला, तर सहज सांगतो, "अ‍ॅन्जिओ झाली. दोन टाकल्यात." दोन म्हणजे दोन स्टेंट, हे फोड करून सांगावे लागत नाही. लग्नाच्या पंगतीत तर आपापल्या 'ब्लॉकेज'ची टक्केवारी लोक अशा थाटात सांगतात, की जणू नातवाचे दहावीचे मार्क!

शब्द घरोघरी पोचले, अर्थ मात्र वाटेत थोडे सांडले. 'अ‍ॅन्जिओ' हा शब्द आपण दोन निरनिराळ्या गोष्टींना वापरतो. अ‍ॅन्जिओग्राफी म्हणजे रक्तवाहिन्यांचे चित्र काढणे. ती तपासणी आहे. अ‍ॅन्जिओप्लास्टी म्हणजे अरुंद झालेली रक्तवाहिनी फुग्याने रुंद करणे. तो उपचार आहे. आणि बायपास म्हणजे अडलेला रस्ता तसाच सोडून पलीकडे जाणारा वळणरस्ता बांधणे.

मुळात हृदयाला रक्त कमी पडते म्हणजे काय? ज्याच्यातून मिनिटाला सुमारे पाच लिटर रक्त जाते, त्यालाच रक्ताची टंचाई? मी बँकेत आयुष्य काढले, त्यामुळे मला हे कॅशियरच्या उदाहरणाने कळते. कॅशियरच्या हातून दिवसभरात लाखो रुपये जातात, पण त्यातला एक रुपयाही त्याचा नसतो. त्याचा पगार वेगळ्या मार्गाने, महिन्याच्या शेवटी त्याच्या खात्यात येतो. हृदयाचे तसेच आहे. आतून वाहणाऱ्या रक्ताचा त्याच्या स्नायूला जवळजवळ काही उपयोग नाही. महाधमनीच्या मुळापासून दोन बारीक रक्तवाहिन्या निघतात, तीन-चार मिलिमीटर रुंदीच्या, आणि त्याच हृदयाचे पोषण करतात. ह्या कॉरोनरी धमन्या आक्रसल्या की चढ चढताना छाती भरून येते. एखादी अचानक बंद झाली, की हार्ट अ‍ॅटॅक.

ह्या धमन्यांचे पहिले नेमके चित्र मिळाले ते अपघाताने. १९५८ साली अमेरिकेतल्या क्लीव्हलँड क्लिनिकमध्ये डॉ. मेसन सोन्स एका तरुण रुग्णाच्या हृदयाच्या झडपेची तपासणी करीत होते. नळीचे टोक सरकून उजव्या कॉरोनरी धमनीत गेले आणि क्ष-किरणात दिसणारे सगळे औषध तिच्यात शिरले. त्या काळच्या समजुतीप्रमाणे रुग्ण दगावायला हवा होता. हृदय थांबलेही. सोन्सनी त्याला खोकायला सांगितले, आणि ठोके पुन्हा सुरू झाले! पडद्यावर मात्र धमनी स्वच्छ उमटली होती.

सोन्स यांनी जमवलेली अशी चित्रे रोज संध्याकाळी काम संपल्यावर बघत बसणारा एक माणूस पुढे तिथे आला. त्याचे नाव रेने फावालोरो. अर्जेंटिनातल्या ला प्लाता गावचा. वडील सुतार, आई शिवणकाम करणारी. शिकून डॉक्टर झाल्यावर सरकारी रुग्णालयात जागा मिळत होती, पण त्यासाठी तेव्हाच्या पेरॉन सरकारशी निष्ठेच्या कागदावर सही हवी होती. ती त्यांनी केली नाही. १९५० साली हासिंतो आराउझ नावाच्या आडगावी, तिथले डॉक्टर आजारी पडले म्हणून, काही दिवसांसाठी गेले आणि बारा वर्षे राहिले. भाऊही डॉक्टर होऊन तिथेच आला. दोघांनी शस्त्रक्रियेची खोली उभारली, प्रयोगशाळा काढली. रक्त साठवायची सोय नव्हती, म्हणून गावकऱ्यांचे रक्तगट टिपून ठेवले. गरज पडली की निरोप जायचा आणि माणूस बाही वर करून हजर. १९६२ साली, एकोणचाळिसाव्या वर्षी, हा खेडेगावचा डॉक्टर क्लीव्हलँडला पुन्हा पहिल्या पायरीपासून शिकायला गेला.

मे १९६७ मध्ये फावालोरोंनी एक्कावन्न वर्षांच्या एका बाईंच्या बंद पडलेल्या उजव्या कॉरोनरी धमनीसाठी त्यांच्याच पायातली शीर वापरली. पायातली ही लांब शीर काढली तरी चालते. रक्त परत नेणाऱ्या दुसऱ्या शिरा असतात. थोड्याच काळात पद्धत पक्की झाली: शिरेचे एक टोक महाधमनीला, दुसरे अडथळ्याच्या पुढे. आधी कोणी केलेच नव्हते असे नाही. लेनिनग्राडचे डॉ. कोलेसोव्ह यांनी १९६४ मध्येच छातीच्या आतली धमनी हृदयाला जोडली होती. पण ही शस्त्रक्रिया जगभर शिकवता येईल अशा शिस्तीत बसवली ती फावालोरो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी. भारतात पहिली बायपास १९७५ साली मद्रासच्या पेरांबूर रेल्वे रुग्णालयात डॉ. के. एम. चेरियन यांनी केली.

पायातली शीर मूळची कमी दाबाच्या रक्ताची. तिला धमनीचे काम दिले की ती थकते. दहा वर्षांनी अशा शिरांपैकी जवळजवळ निम्म्या अरुंद किंवा बंद झालेल्या असतात. छातीच्या आतली धमनी मात्र दहातल्या नऊ रुग्णांत खुली राहते. म्हणून आता मुख्य फांदीला तीच जोडतात.

फुग्याची गोष्ट त्यामानाने लहान. झुरिकचे डॉ. आंद्रेआस ग्रुन्ट्झिग घरच्या स्वयंपाकघरातल्या टेबलावर बारीक नळ्या आणि फुगे जोडीत बसत. १६ सप्टेंबर १९७७ रोजी त्यांनी छाती न उघडता पहिली कॉरोनरी अ‍ॅन्जिओप्लास्टी केली. १९८५ मध्ये विमान अपघातात ते गेले, अवघ्या शेहेचाळिसाव्या वर्षी. फुग्याने रुंदावलेली जागा पुन्हा आक्रसू नये म्हणून आत जाळी बसवायची, ही स्टेंटची कल्पना १९८६ मध्ये प्रत्यक्षात आली आणि छाती उघडण्याचे अनेक प्रसंग टळले.

आता त्या पंगतीतल्या टक्केवारीकडे येऊ. अडथळा नळातल्या गंजासारखा असतो असे आपण समजतो. तसे नाही. चरबीचा थर धमनीच्या भिंतीच्या आत साचतो आणि एखाद्या दिवशी फुटतो. त्यावर रक्ताची गुठळी जमते आणि वाहिनी बंद होते. फुटणारा थर पुष्कळदा सर्वांत मोठा नसतोच. म्हणजे ऐंशी टक्क्यांचा अडथळा वर्षानुवर्षे मुकाट राहू शकतो आणि पन्नासचा घात करतो.

म्हणून दोन प्रसंग वेगळे धरावेत. छातीत अचानक कळ आली, घाम फुटला, डाव्या हातात किंवा जबड्यात दुखू लागले, तर ते 'गॅसेस' आहेत असे म्हणून ओवा चावत बसू नये. हृदयाचा स्नायू मिनिटामिनिटाने मरत असतो. ताबडतोब ईसीजी आणि शक्य तितक्या लवकर अ‍ॅन्जिओप्लास्टी, हाच मार्ग. ती सोय जवळ नसेल तर गुठळी विरघळवणारे इंजेक्शन. इथे दुसरे मत घेत बसायला वेळ नसतो.

दुखणे जुने आणि स्थिर असेल, ठराविक श्रमांनीच छाती भरून येत असेल आणि थांबले की बरे वाटत असेल, तर मात्र वेळ असतो. सदतीस देशांतल्या ५,१७९ रुग्णांवर झालेल्या 'इस्केमिया' अभ्यासाचे निष्कर्ष २०१९ मध्ये जाहीर झाले. अशा स्थिर रुग्णांत सुरुवातीलाच स्टेंट किंवा बायपास केल्याने, नुसत्या औषधोपचारांच्या तुलनेत, मृत्यू वा हार्ट अ‍ॅटॅक लक्षणीय कमी झाले नाहीत. छातीतले दुखणे मात्र अधिक कमी झाले, आणि हाही लाभ लहान नव्हे. डाव्या मुख्य धमनीतच मोठा अडथळा असलेले आणि हृदय फार दुबळे झालेले रुग्ण त्या अभ्यासात नव्हते. डाव्या मुख्य धमनीतला अडथळा किंवा मधुमेहासोबत तिन्ही धमन्या बाधित असतील, तर बायपासने आयुष्य वाढते. "हे आजच करायला हवं का, आणि केल्याने आयुष्य वाढेल की दुखणं कमी होईल?" एवढा एक प्रश्न सही करण्याआधी डॉक्टरांना विचारण्यात अनादर काही नाही.

सहीनंतर प्रश्न येतो पैशाचा, आणि तो मी काउंटरच्या ह्या बाजूने पाहिला आहे. नव्वदच्या दशकात तालुक्याच्या शाखेत असताना मुदतीपूर्वी ठेव मोडायला येणाऱ्याला कारण विचारावे, तर दर महिन्याला एखादे उत्तर 'बायपास' असे. एक बाई नवऱ्याच्या ऑपरेशनसाठी पाटल्या तारण ठेवायला आल्या होत्या. वजन करताना त्या तराजूकडे बघतसुद्धा नव्हत्या. पावणेदोन वर्षांनी तेच गृहस्थ बायकोला घेऊन शेवटचा हप्ता भरायला आले. जिना स्वतःच्या पायांनी चढून, मध्ये न थांबता. पाटल्या त्यांनी तिथेच तिच्या हातात घातल्या. शिपायाने चहा मागवला, मी बिल शाखेच्या खर्चात टाकले नाही.

पुढे काही बाबतींत दिलासा मिळाला. औषधाचा लेप असलेल्या स्टेंटला लाखाच्या वर मोजावे लागत; फेब्रुवारी २०१७ मध्ये सरकारने त्याची कमाल किंमत २९,६०० रुपये ठरवली, साध्या स्टेंटची ७,२६०. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत ह्या दोन्ही उपचारांची सोय आहे. रुग्णालय योजनेच्या यादीत आहे का, हे घरात ठणठणीत असतानाच पाहून ठेवावे.

पैशाचा विषय निघालाच आहे, तर फावालोरोंचे पुढे काय झाले ते सांगायला हवे. अमेरिकेत वैभव पायाशी असताना १९७१ साली ते मायदेशी परतले. १९७५ मध्ये त्यांनी प्रतिष्ठान काढले, पुढे ब्युनॉस आयर्समध्ये मोठे हृदयरोग केंद्र उभे केले. पैसे नाहीत म्हणून रुग्ण परत पाठवायचा नाही, असा त्यांचा बाणा होता. देश आर्थिक संकटात गेला. पेन्शनरांची सरकारी आरोग्य योजना आणि इतर देणेकरी संस्था केंद्राची बिले थकवीत राहिल्या, केंद्रावर कर्ज चढत गेले. फावालोरोंनी मदतीसाठी थेट राष्ट्राध्यक्षांना पत्र लिहिले. २९ जुलै २००० रोजी, सत्त्याहत्तराव्या वर्षी, त्यांनी ब्युनॉस आयर्समधल्या आपल्या घरी जीवन संपवले. राष्ट्राध्यक्षांनी ते पत्र वाचले ते त्यानंतर. केंद्र मात्र बंद पडले नाही. फावालोरोंच्या नावाच्या त्या रुग्णालयात आजही हृदयाच्या शस्त्रक्रिया होतात.