पाल भिंतीला कशी चिकटते?

पाल चुकचुकली की घरात शकुन-अपशकुन निघतात. पण 'ती भिंतीवरून पडत कशी नाही?' असे लेकराने विचारले, तर आपण त्याला गप्प बसवतो. आम्ही म्हणतो, त्याला खरे कारण सांगा.

पालीच्या पायाला डिंक नसतो. बोटांखाली नुसत्या डोळ्यांना न दिसणारे लाखो केस असतात, त्यांच्या टोकांना अनेक फाटे. हे फाटे भिंतीला इतके भिडतात की दोन्हीकडचे कण एकमेकांना ओढतात. एका केसाची ओढ थोडी, पण लाखो केस मिळून पालीला पेलतात. बोटे वर वळवली की केस सुटतात. अमेरिकेतील केलर ऑटम व सहकाऱ्यांनी २००० साली मोठ्या जातीच्या पालीच्या एका केसाची ओढ मोजली.

आधी त्यांनाही 'कसे?' हा प्रश्न पडला होता. तोच आपल्या लेकराला पडला आहे. तो दाबू नका.