तीन वाद्यांचें गाणें

गेल्या वर्षीं एक विद्यार्थी मजकडे येऊन म्हणाला, "सर, पोवाड्यांत वाद्यें तीं कितीशीं! त्याला संगीत कां म्हणावें?" प्रश्न ऐकून मीच मनांत ओशाळलों, कारण पेटीच्या व ऑर्गनच्या सुरांत वाढलेला मीहि पुष्कळ वर्षें डफाला गलकाच समजत होतों. शाहीर अमर शेख (१९१६–१९६९) यांचा जन्म ज्या जिल्ह्यांतील बार्शीस झाला, त्या जिल्ह्यांत हें अज्ञान शोभत नाहीं. म्हणून पोवाडा कसा ऐकावा, हें थोडक्यांत सांगतों.

प्रथम तुणतुण्याकडे कान द्यावा. लांकडी नळकांडें, त्याच्या तळाशीं मढविलेलें कातडें, अंगास बसविलेली काठी व एकच तार, एवढेंच तें वाद्य. परंतु ती तार शाहिराला आधारस्वर देते व छेडण्याच्या ठेक्यानें लयहि राखते. मग डफ ऐकावा. मध्यभागीं थाप पडली म्हणजे घुमारा उठतो. कडेला पडली म्हणजे नाद तीक्ष्ण होतो. शब्द नीट ऐकूं यावे म्हणून कडव्यांत डफ मंदावतो. कथेंत लढाई पेटली म्हणजे तोच चढतो. झांज ठेक्याला धार आणते. शेवटीं झीलकरी 'जी जी' करून सूर उचलतात, तेवढ्यांत शाहीर श्वास घेतो. येथें शोभेसाठीं कांहींच नाहीं. सर्व कांहीं शब्दांच्या चाकरींत आहे.

अशी काटकसर परदेशांतहि आढळते. न्यूयॉर्कच्या रामोन्स या चौघांच्या मेळानें १९७६ सालीं पंक रॉक पद्धतीची आपली पहिली ध्वनिमुद्रिका काढली. तींतील १४ गाणीं अर्ध्या तासाच्या आंत संपतात. मुख्य वाद्यें गिटार, बास व ड्रम हीं तीनच. हेडफोन लावून ऐकल्यास गिटार उजव्या कानीं व बास डाव्या कानीं निराळा उमगतो. गिटारवादक तारांवर बहुतेक वरून खालींच आघात करतो. म्हणून तो नाद अखंड व आवेशपूर्ण वाटतो. पोवाड्याचा व या गाण्याचा वंश एक नव्हे. परंतु थोड्या साधनांत आवेश साठविण्याची युक्ति दोहोंची एकच.

विद्यार्थ्यांनीं एकच पोवाडा तीन वेळां ऐकावा: एकदां तुणतुण्यासाठीं, एकदां डफासाठीं, एकदां शब्दांसाठीं. पालकांनींहि सोबत बसावें.

त्या विद्यार्थ्यानें यंदा स्नेहसंमेलनांत तुणतुणें धरलें. पोवाडा संपल्यावर बोटें चोळीत तो म्हणाला, "सर, एकच तार, पण ती सुटूं न देणें फार कठीण." त्याच्या पहिल्या प्रश्नाचें उत्तर त्याला मिळालें होतें.