समजून घ्या : जैसलमेरच्या वाळूत सूर्यास्त दिसतो, मग तारे का निसटतात? डेझर्ट सफारीचं बुकिंग करण्याआधी हे वाचा

‘कॅमल राइड, जीप सफारी, सनसेट पॉइंट, कल्चरल प्रोग्रॅम, राजस्थानी डिनर आणि स्टारगेझिंग.’ जैसलमेरच्या एका दिवसाच्या डेझर्ट पॅकेजची जाहिरात उघडली की साधारण हीच यादी दिसते. यातल्या पहिल्या पाच गोष्टी पैसे भरले की मिळतात. सहावी मिळेलच असं नाही. ती तिथीवर, घड्याळावर आणि कॅम्पच्या दिव्यांवर ठरते, आणि या तिन्हींबद्दल जाहिरातीत सहसा एक अक्षर नसतं. दिवाळी किंवा नाताळच्या सुटीत राजस्थानचा बेत आखत असाल, तर हे गणित आधीच समजून घेतलेलं बरं.

पॅकेजमध्ये नेमकं काय होतं?

जैसलमेर शहर म्हणजे वाळवंट नव्हे. सोनार किल्ल्याच्या आजूबाजूला खडकाळ, झुडपी माळ आहे. सिनेमात दिसतात तशा वाळूच्या टेकड्या पाहायला शहराबाहेर जावं लागतं. त्यासाठी दोन ठिकाणं प्रसिद्ध आहेत. पश्चिमेला सुमारे ४० किलोमीटरवरचं सम आणि नैऋत्येला त्याहून थोडं लांब असलेलं खुरी. समला तंबूंच्या रांगाच्या रांगा आहेत, जीप आहेत, मोठ्या आवाजाचे स्टेज आहेत. खुरी तुलनेने शांत.

दुपारी दोन-तीनच्या सुमारास गाडी हॉटेलवर येते. वाटेत कुलधरा दाखवतात. पालीवाल ब्राह्मणांनी सोडून दिलेलं हे गाव, आणि त्याच्या शापाची गोष्ट गाइड रंगवून सांगतोच. चार-साडेचारला कॅम्प, मग उंट किंवा जीप, मग टेकडीवर सूर्यास्त. खाली उतरलं की चहा-भजी. सातच्या आसपास कालबेलिया नृत्य आणि लोकगीतं, त्यानंतर जेवण, बऱ्याच ठिकाणी शेवटी डीजे. मुक्काम नसेल तर नऊ-साडेनऊला परतीची गाडी.

मग ताऱ्यांना वेळ कुठे उरतो?

खरी अडचण इथेच आहे. सूर्य मावळला म्हणजे रात्र झाली असं आपण धरून चालतो. आकाशाच्या दृष्टीने तसं नसतं. सूर्य क्षितिजाखाली १८ अंश जाईपर्यंत वातावरणाच्या वरच्या थरांत त्याचा उजेड पसरलेला असतो आणि अंधुक तारे त्यात बुडून जातात. जैसलमेरच्या अक्षांशावर हिवाळ्यात याला सुमारे सव्वा ते दीड तास लागतो.

आता घड्याळ लावून बघा. भारताची प्रमाणवेळ ८२.५ अंश पूर्व रेखांशावर ठरते आणि सम जवळजवळ ७०.५ अंशांवर आहे. एका अंशाला चार मिनिटं या हिशेबाने तिथला सूर्य घड्याळाच्या ४८ मिनिटं मागे चालतो. म्हणून डिसेंबरच्या मध्यातही समला सूर्यास्त सहाला पाच-सात मिनिटं कमी असताना होतो. त्याच काळात नागपूरला तो साडेपाचच्या थोडा पुढे झालेला असतो. जानेवारीअखेर समचा सूर्यास्त सहा-वीसच्या पुढे सरकतो, फेब्रुवारीच्या मध्यात पावणेसातच्या जवळ जातो. म्हणजे पूर्ण काळोख डिसेंबरात सव्वासातच्या पुढे, फेब्रुवारीत आठनंतर.

आणि सात ते नऊ हीच स्टेजवरच्या कार्यक्रमाची वेळ! आकाश काळं व्हायला लागतं नेमकं तेव्हा प्रवासी फ्लडलाइटखाली बसलेले असतात. कार्यक्रम संपतो तेव्हा गाडीचा हॉर्न वाजतो. कोणी फसवलेलं नसतं, वेळापत्रकच तसं असतं.

कालनिर्णय उघडा, हवामानाचं अ‍ॅप नंतर

ताऱ्यांसाठी जायचं तर तारीख ठरवण्याआधी तिथी बघायला हवी, आणि याबाबतीत मराठी घरं भाग्यवान आहेत. भिंतीवर कॅलेंडर असतंच. पौर्णिमेला चंद्र सूर्यास्ताच्या वेळी उगवतो आणि रात्रभर राहतो. त्यानंतर तो रोज सरासरी ५० मिनिटं उशिरा उगवतो. संकष्टीचा उपवास करणाऱ्यांना हे सांगायची गरज नाही. त्या दिवशी चंद्रोदयासाठी नऊच्या आसपासपर्यंत थांबावं लागतं. संकष्टीनंतर दोन-तीन दिवसांनी चंद्र दहा-अकराच्या पुढे जातो, म्हणजे संध्याकाळ पूर्ण काळोखी मिळते. तिथून अमावास्या आणि पुढे शुद्ध तृतीया-चतुर्थीपर्यंतचे दिवस ताऱ्यांचे.

या हिशेबाने दिवाळीची सुटी उत्तम ठरते. लक्ष्मीपूजन अमावास्येचं, त्यामुळे आगेमागे चार-पाच दिवस चंद्राची अडचण जवळजवळ नसते. याउलट जैसलमेरचा प्रसिद्ध मरू महोत्सव माघ पौर्णिमेच्या सुमारास होतो. चांदण्यात न्हालेली वाळू बघायची असेल तर तो काळ सुंदर आहे. फक्त तेव्हा आकाशगंगा शोधू नका. नाताळ आणि ३१ डिसेंबरची तिथी दरवर्षी बदलते, ती बघूनच ठरवा. त्या आठवड्यात समची गर्दी आणि डीजेचा आवाज मात्र बदलत नाही.

इन्स्टाग्रामवरची आकाशगंगा दिसेल का?

तंबूच्या मागे उभा, झगमगता दुधाळ पट्टा. अशा फोटोंमुळे सर्वाधिक अपेक्षाभंग होतो. त्या पट्ट्याचा सर्वांत तेजस्वी भाग, म्हणजे आपल्या आकाशगंगेचं केंद्र, धनू राशीच्या दिशेला आहे. तो संध्याकाळच्या आकाशात नीट दिसतो उन्हाळ्यात आणि पावसाळ्यात. वाळवंटातला पर्यटन हंगाम ऑक्टोबर ते मार्च. दिवाळीत हा भाग अंधार पडेपर्यंत नैऋत्येला क्षितिजाशी टेकलेला असतो, डिसेंबरात सूर्यासोबतच मावळतो. मार्चमध्ये तो पुन्हा दिसतो, पण पहाटे चारला. एका दिवसाच्या सहलीतला पाहुणा तेव्हा हॉटेलात झोपलेला असतो.

शिवाय कॅमेऱ्याचा सेन्सर अनेक सेकंद उजेड साठवत राहतो. डोळा तसं करू शकत नाही. फोटोतले रंग डोळ्यांना दिसणार नाहीत हे मान्य करून गेलं की पुढचा अनुभव खूप चांगला होतो. कारण दिसण्यासारखं पुष्कळ असतं.

डिसेंबरात वर बघितलं तर?

काळोख झाल्यावर, साडेसातच्या सुमारास, पूर्वेला कृत्तिकांचा पुंजका बराच वर आलेला असतो. त्याखाली तांबूस रोहिणी, तिच्याखाली क्षितिजावर नुकतंच चढलेलं मृग नक्षत्र. आठनंतर व्याध उगवतो. क्षितिजाजवळ असताना तो लाल-हिरवा-निळा असा लुकलुकतो, आणि कोणीतरी ‘ड्रोन, ड्रोन’ म्हणतंच. डोक्यावर, किंचित उत्तरेला, शर्मिष्ठेच्या जवळ एक धूसर डाग दिसतो का बघा. ती देवयानी दीर्घिका. तिथून निघालेला प्रकाश आपल्यापर्यंत यायला सुमारे २५ लाख वर्षं लागतात. दुर्बिणीशिवाय माणसाच्या डोळ्याला सहज दिसणाऱ्या सर्वांत दूरच्या गोष्टींपैकी ही एक. पुण्याच्या गच्चीवरून ती शोधायचा प्रयत्न केलेल्यांना वाळवंटाची किंमत लगेच कळेल.

ध्रुव तारा मुंबईपेक्षा वर दिसतो. मुंबईत तो क्षितिजापासून सुमारे १९ अंशांवर, इथे २७ अंशांवर, कारण ध्रुवाची उंची म्हणजे त्या जागेचा अक्षांश. अगस्तीचं उलटं. आपल्याकडे दक्षिणेला बऱ्यापैकी वर चढणारा हा तारा जैसलमेरमधून जास्तीत जास्त दहा अंश वर येतो. तोही फेब्रुवारीत, रात्री साडेनऊच्या सुमारास.

न लुकलुकता सरळ रेषेत सरकणारे ठिपके दिसले तर ते उपग्रह. खाली अंधार असला तरी इतक्या उंचीवर त्यांच्यावर ऊन पडलेलं असतं, म्हणून सूर्यास्तानंतरच्या पहिल्या तास-दोन तासांत ते जास्त दिसतात.

हे सगळं दिसायला डोळ्यांना २० ते ३० मिनिटं अंधार लागतो. मध्येच एकदा व्हॉट्सअ‍ॅप उघडलं की पुन्हा शून्यापासून सुरुवात. बातमी मोबाइलवर वाचणाऱ्यांना हे सांगणं थोडं विचित्र आहे, पण तेवढा अर्धा तास फोन खिशात राहू द्या. टॉर्च लागलाच तर त्यावर लाल जिलेटिन कागद लावा. लाल उजेड डोळ्यांची सवय फारशी मोडत नाही.

सूर्यास्ताबद्दल एकच

सूर्य बुडाला की गर्दी लगेच चहाकडे वळते. त्याऐवजी दहा-पंधरा मिनिटं थांबून मागे, पूर्वेकडे बघा. क्षितिजालगत निळसर-करडा पट्टा वर चढताना दिसतो, त्याच्या वर गुलाबी झालर. तो निळा पट्टा म्हणजे वातावरणावर पडलेली पृथ्वीची सावली. आडवं, मोकळं क्षितिज असल्याशिवाय ती इतकी स्पष्ट दिसत नाही, आणि तिकीट त्याच क्षितिजाचं काढलेलं असतं.

काळोख कोणाचा?

सम आणि खुरी ही दोन्ही ठिकाणं डेझर्ट नॅशनल पार्कच्या परिसरात येतात. ३,१६२ चौरस किलोमीटरचं हे क्षेत्र माळढोकासाठी राखलेलं आहे. राजस्थानात त्याला गोडावण म्हणतात. सोलापूरजवळच्या नान्नजचं अभयारण्य याच पक्ष्यासाठी आहे, पण तिथे तो जवळपास दिसेनासाच झाला. देशात उरलेले माळढोक दीडशेच्या आसपास मानले जातात आणि त्यातले बहुतेक जैसलमेर जिल्ह्यात आहेत. समलाच त्यांचं प्रजनन केंद्र २०१९ पासून सुरू आहे. म्हणजे रात्री डीजे वाजतो तो परिसर आणि पक्षी वाचवण्याची धडपड चालते तो परिसर एकच.

टेकडीवरून रात्री क्षितिजावर लाल दिव्यांची उघडझाप दिसते, ती पवनचक्क्यांची. या भागातले वीजप्रकल्प आणि माळढोक यांचा वाद सर्वोच्च न्यायालयात गेला. जड शरीराच्या या पक्ष्याला समोरच्या तारा वेळेवर दिसत नाहीत आणि तो त्यांवर आदळतो. न्यायालयाने २०२१ मध्ये तारा जमिनीखाली घालण्याचा आदेश दिला होता. तो मार्च २०२४ मध्ये शिथिल करून तज्ज्ञ समिती नेमली. हरित वीज आणि हा पक्षी यातलं कोणतंही एक सोडून देता येत नाही, म्हणून हा प्रश्न अवघड आहे. कॅम्पचा फ्लडलाइट बंद करणं मात्र अजिबात अवघड नाही.

काळोख जपला तर लोक त्यासाठी येतात, हे आपल्याकडेच दिसलं आहे. लडाखमधल्या हानलेला २०२२ मध्ये देशातलं पहिलं डार्क स्काय रिझर्व्ह जाहीर झालं. महाराष्ट्रातल्या पेंच व्याघ्र प्रकल्पाला जानेवारी २०२४ मध्ये देशातलं पहिलं डार्क स्काय पार्क म्हणून आंतरराष्ट्रीय मान्यता मिळाली. विदर्भातल्या वाचकांना ताऱ्यांसाठी दोन दिवसांचा रेल्वेप्रवास करायचीही गरज नाही.

उंट की जीप?

आमचा कौल उंटाला. जीपचा थरार दहा मिनिटांत संपतो आणि टेकडीवर चाकांच्या चऱ्या राहतात. उंट हा २०१४ पासून राजस्थानचा राज्यप्राणी आहे, तरी २०१२ आणि २०१९ च्या पशुगणनांच्या मधल्या काळात देशातले उंट सुमारे ३७ टक्क्यांनी घटून अडीच लाखांवर आले. वाहतूक आणि शेतीतलं काम गेल्यावर ज्या थोड्या कारणांसाठी उंट पाळणं परवडतं, त्यातलं पर्यटन हे एक. फक्त एका उंटावर तिघांना बसवत असतील किंवा जनावर लंगडत असेल, तर बसू नका.

पैसे भरण्यापूर्वी काय विचाराल?

‘स्टारगेझिंग आहे का?’ असं विचारू नका, उत्तर हो असंच येईल. स्टेज आणि मोठे दिवे किती वाजता बंद होतात ते विचारा. आठ ते साडेनऊ या वेळात कार्यक्रम सोडून कॅम्पपासून अर्धा-एक किलोमीटर लांबच्या टेकडीवर नेणारा माणूस मिळेल का, हे विचारा, आणि उत्तर व्हॉट्सअ‍ॅपवर लेखी घ्या. दुर्बीण असल्याचं सांगितलं तर ती केवढी, किती जणांत एक आणि आकाश समजावून कोण सांगणार, हेही विचारून घ्या. सत्तर जणांच्या रांगेत एक दुर्बीण म्हणजे प्रत्येकाच्या वाट्याला काही सेकंद.

त्याच दिवशी तनोट आणि लोंगेवाला ‘कव्हर’ करून संध्याकाळी सम असं पॅकेज कोणी देत असेल तर नकाशा बघा. तनोट जैसलमेरपासून सव्वाशे किलोमीटरच्या आसपास आहे. सीमा बघायचीच असेल तर तिला वेगळा दिवस द्या, नाहीतर सूर्यास्त गाडीच्या काचेतून बघावा लागेल. हा सीमावर्ती जिल्हा आहे, त्यामुळे परवानगीशिवाय ड्रोन उडवू नका आणि आकाशात हिरवे लेझर मारू नका.

कपड्यांचा अंदाज मुंबईकरांचा हमखास चुकतो. कोरड्या हवेत उष्णता धरून ठेवायला बाष्प नसतं आणि वाळू वरच्या थरातच तापते, तशीच झटपट निवते. दुपारी टी-शर्टवर घाम येतो आणि रात्री नऊला दात वाजतात. जानेवारीत पारा एक आकडी असतो. कानटोपी, मोजे आणि अंथरायला एक जाड चादर सोबत ठेवा. आकाश बघायला आडवंच व्हावं लागतं, आणि तोवर वाळू गार पडलेली असते.