कर्ता पुरुष अपघातांत गेल्यास नुकसानभरपाईचा हिशेब

बाजाराहून परततांना शेतकऱ्याच्या घरचा कर्ता पुरुष मोटारीखालीं सांपडून मरण पावतो, आणि तेरावा होण्यापूर्वींच मोटारमालकाचा माणूस कांहीं रोख रक्कम घेऊन दारांत येतो. "गेलेला माणूस परत येत नाहीं, कोर्टकचेरी कशाला?" असें म्हणून तो स्टांपावर अंगठा घेऊन जातो. महसुली नोकरींत असे कागद आमच्या पाहण्यांत आले. ते वाचून एकच गोष्ट मनास लागे : त्या विधवेस आपल्या पतीच्या श्रमाची किंमत कशी काढावी हें कोणीं सांगितलेंच नव्हतें. ही रीत अवघड नाहीं. ज्यास आणेवारी समजते त्यास ही सहज समजेल.

मोटार वाहन कायदा, १९८८, कलम १६६ अन्वयें वारसांस मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे अर्ज करतां येतो. अपघात जेथें घडला तेथें, अथवा अर्जदार जेथें राहतात तेथेंही तो चालतो. भरपाई ठरविण्याची शिस्त सर्वोच्च न्यायालयानें २००९ सालीं सरला वर्मा प्रकरणांत व २०१७ सालीं प्रणय सेठी प्रकरणांत घालून दिली आहे. तिच्या पायऱ्या येणेंप्रमाणें :

प्रथम मयताचें वार्षिक उत्पन्न धरावें. त्यांत पुढील वाढ मिळवावी. स्वतःचा धंदा करणाऱ्याचें वय ४० च्या आंत असल्यास शेंकडा ४०, ४० ते ५० असल्यास २५, व ५० ते ६० असल्यास १०. नंतर मयताचा स्वतःचा खर्च वजा करावा. तो अविवाहिताचा निम्मा. विवाहिताचा, अवलंबून असणारीं माणसें २ ते ३ असल्यास एक तृतीयांश, ४ ते ६ असल्यास एक चतुर्थांश, त्याहून अधिक असल्यास एक पंचमांश. बाकी राहील तीस वयाच्या गुणकानें गुणावें. हा गुणक २५ वर्षांपर्यंत १८, ३६ ते ४० पर्यंत १५, ४६ ते ५० पर्यंत १३, ५६ ते ६० पर्यंत ९, असा उतरत जातो.

उदाहरणार्थ, मयताचें वय ३८, शाबीत उत्पन्न दरमहा १२,००० रुपये, मागें पत्नी, दोन मुलें व वृद्ध आई. वार्षिक उत्पन्न १,४४,०००. शेंकडा ४० वाढ धरून २,०१,६००. चौथाई वजा जातां १,५१,२००. त्यास १५ नें गुणून २२,६८,००० रुपये. शिवाय सहवासास अंतरल्याबद्दल प्रत्येकीं ४०,०००, आणि मिळकतीची हानि व अंत्यविधि यांबद्दल प्रत्येकीं १५,००० मिळतात. २०१७ सालच्या या मूळ रकमांत दर तीन वर्षांनीं शेंकडा १० वाढ धरावयाची असते. दारांत आलेल्या रोख रकमेशीं वाचकांनींच हा आंकडा ताडून पाहावा.

आतां शेतकऱ्यास विशेष नडणारी गोष्ट. विमा कंपनीचा वकील सातबाराचा उतारा पुढें करून विचारतो, "जमीन वारसांकडेच आहे, मग बुडालें काय?" या प्रश्नांत तथ्य आहे. सर्वोच्च न्यायालयानेंही २००३ सालीं जसबीर कौर प्रकरणांत म्हटलें आहे कीं, जमीन वारसांकडे राहत असल्यानें शेताचें सर्व उत्पन्न बुडालें असें धरतां येत नाहीं. मात्र शेतीची देखरेख करण्यास आतां माणूस ठेवावा लागेल, हें विचारांत घेतलें पाहिजे. सबब नुसता सातबारा दाखवून भागत नाहीं. मयत स्वतः नांगर धरीत होता काय, रात्रीं पाणी कोण देई, त्याच्या जागीं ठेवलेल्या सालगड्यास काय द्यावें लागतें, जमीन वाट्यानें दिली असल्यास किती धान्य बाहेर जातें, हें पुराव्यानिशीं मांडावें. जमीन राहिली, पण ती कसणारे हात गेले; दावा त्या हातांच्या किंमतीचा आहे.

याकरितां मयताच्या हयातींतील पीकपाहणीचे उतारे, आडत्याच्या हिशेबपट्ट्या, उसाचीं बिलें, दूधसंस्थेच्या पावत्या व बँकेचें पासबुक जपून ठेवावें. पोलिसांतील खबर, पंचनामा व शवविच्छेदनाचा अहवाल यांच्या नकला लगेच घ्याव्या. मयताच्या आयुर्विम्याची रक्कम भरपाईंतून वजा होत नाहीं, असें १९९८ सालीं ठरलेलें आहे. ती लपविण्याचें कारण नाहीं. उलट मयताचीही चूक ठरल्यास तिच्या प्रमाणांत रक्कम कमी होते.

मुदतीकडे मात्र डोळेझांक करूं नये. २०१९ सालच्या दुरुस्तीनें घातलेली सहा महिन्यांची मुदत १ एप्रिल २०२२ पासून लागू झाली. तिजविषयींचा वाद सर्वोच्च न्यायालयापुढें गेला आहे. तथापि त्या भरंवशावर न बसतां शहाण्यानें सहा महिन्यांच्या आंतच अर्ज द्यावा.

दुःखाच्या दिवसांत हिशेब करणें कोणास रुचत नाहीं, हें आम्ही जाणतों. म्हणूनच तो शेजाऱ्यापाजाऱ्यांनीं करावा. गांवांत असा प्रसंग आल्यास लिहितां-वाचतां येणाऱ्या एकानें त्या घरीं जाऊन इतकेंच सांगावें : वकिलास दाखविल्यावांचून कोणत्याही कागदावर अंगठा देऊं नका.